वडापचं इंजिन, जर्मनांचा वारसा

साताऱ्या-सांगलीकडे जिला वडाप म्हणतात आणि मराठवाड्यात काळी-पिवळी, त्या टेम्पो ट्रॅक्समध्ये आपल्यापैकी अनेकजण कधी ना कधी गुडघे पोटाशी घेऊन बसले असतील. तिच्या बॉनेटखाली धडधडणाऱ्या चार सिलिंडरच्या डिझेल इंजिनाचं कूळ मात्र सहसा कुणी विचारलं नाही. त्याचं नाव 'ओएम ६१६'. ओएम म्हणजे 'ओएल-मोटर', तेलावर चालणारं इंजिन. आकुर्डीच्या बजाज टेम्पोने, म्हणजे आजच्या फोर्स मोटर्सने, ते डायम्लर-बेंझच्या परवान्यावर बनवलं. आणि १९७३ पासून तेच इंजिन मर्सिडीज-बेंझच्या '२४० डी' या मोटारीत बसत होतं.

ही जुनी मर्सिडीज आज जर्मनीत कायद्याने मान्य केलेला सांस्कृतिक वारसा आहे. तेच इंजिन वाहिलेली ट्रॅक्स आपल्याकडे किलोच्या भावाने भंगारात जाते. एकाच आराखड्यातून निघालेल्या दोन यंत्रांची गती इतकी वेगळी का झाली, हा प्रश्न मला काही वर्षं छळतो आहे. त्याचं उत्तर यंत्रात कमी आणि कायद्यात जास्त आहे, असं माझं मत होत गेलं. पण यंत्र समजल्याशिवाय तो कायदाही समजत नाही.

डिझेलवर चालणारी मोटार मर्सिडीजने १९३६ मध्येच बर्लिनच्या प्रदर्शनात मांडली होती. तिचं नाव '२६० डी'. पहिली गिऱ्हाइकं मुख्यतः टॅक्सीवाले होते आणि पुढची पन्नास वर्षं मर्सिडीजच्या डिझेल गाडीचा खरा पोशिंदा टॅक्सीवालाच राहिला. जर्मनीत टॅक्सीला हस्तिदंती रंग सक्तीचा झाला तो १९७१ मध्ये. त्यामुळे त्या पिढीतल्या जर्मन माणसाच्या डोळ्यांसमोर मर्सिडीज म्हटलं की कारखानदाराची काळी गाडी जितकी येते, तितकीच स्टेशनबाहेर रांगेत उभी असलेली पिवळसर पांढरी डिझेलही येते. आपल्याकडे मर्सिडीज म्हणजे फक्त श्रीमंती. हा फरक लक्षात ठेवला नाही तर पुढचं सगळं चुकीचं वाचलं जाईल.

जानेवारी १९७६ मध्ये जी मालिका आली तिचा कारखान्यातला संकेत 'डब्ल्यू १२३'. १९८६ च्या सुरुवातीपर्यंत ती बनत राहिली आणि सगळी रूपं धरून जवळजवळ २७ लाख गाड्या निघाल्या. सुरुवातीच्या वर्षांत मागणी इतकी होती की नोंदणी करून थांबण्यापेक्षा वर्ष-दीड वर्ष वापरलेली गाडी जवळपास नव्याच्या किमतीत घेणारे लोक होते. आपल्याकडच्या बजाज स्कूटरच्या दिवसांची आठवण व्हावी अशी ही गोष्ट. फक्त तिथे लायसन्स-राज नव्हतं.

गाडी वेगवान अजिबात नव्हती. २४० डीचं इंजिन २.४ लिटरचं, शक्ती सुरुवातीला ६५ अश्वशक्ती, नंतर ७२. शून्यापासून ताशी १०० किलोमीटरवर जायला वीस सेकंदांहून अधिक वेळ लागे. सकाळच्या थंडीत तर आधी ग्लो प्लग तापेपर्यंत थांबायचं. जुन्या डिझेल गाड्यांत ही वाट पाहणी एवढी लांबे की जर्मन लोकांनी तिला थट्टेने 'रुडॉल्फ डिझेल स्मृती-मिनिट' असं नाव दिलं होतं. जणू इंजिनाच्या जनकासाठी पाळायची रोजची स्तब्धता.

हा संथपणाच तिच्या दीर्घायुष्याचं कारण आहे. बिडाचा जाड ब्लॉक, पट्ट्याऐवजी टायमिंग चेन, आणि आकाराच्या मानाने फारच कमी शक्ती. इंजिनाकडून कधी त्याच्या कुवतीएवढं काम घेतलंच जात नसे. ग्रीसमधल्या एका टॅक्सीवाल्याची १९७६ ची २४० डी ४६ लाख किलोमीटर चालली आणि २००४ मध्ये मर्सिडीजने ती आपल्या संग्रहात घेतली, ही कथा जुन्या गाड्यांचे शौकीन हमखास सांगतात. ती गाडी डब्ल्यू १२३ च्या आधीच्या मालिकेतली होती, आणि त्या प्रवासात तिची इंजिनं अनेकदा उतरवून बदलली गेली होती, हे मात्र सांगायचं राहून जातं. माझ्या दृष्टीने त्यामुळे कथेचं मोल कमी होत नाही, उलट वाढतं. गाडी टिकली, कारण तिचा प्रत्येक भाग काढता-घालता येत होता आणि काढणारा-घालणारा माणूस तिच्याजवळ होता.

आज अशी गाडी विकत घेणाऱ्याला जाणकार मिस्त्री पहिली गोष्ट सांगतो : इंजिन नंतर बघ, आधी पत्रा बघ. इंजिनाचा पुनर्जन्म होतो, पत्र्याचा होत नाही. झालाच तर गाडीच्या किमतीपेक्षा महाग पडतो. जर्मनीत हिवाळ्यात रस्त्यावर टाकलेल्या मिठाने या गाड्या खाल्ल्या, आपल्याकडे कोकणातली खारी हवा आणि चार महिन्यांचा पाऊस तेच काम करतात. जॅक लावायच्या जागा, पुढच्या मडगार्डचा हेडलाइटमागचा भाग, मागच्या चाकांच्या कमानी, डिकीतला स्टेपनीचा खड्डा आणि समोरच्या काचेची खालची कड या ठिकाणी बोट लावून पाहावं. काचेखालचा गंज सगळ्यात वाईट. तिथून शिरलेलं पाणी गालिच्याखाली साचतं आणि तळ आतून कुजवतं. वरून रंग आरशासारखा दिसत असतो.

इंजिन तपासायची रीत मला फार आवडते, कारण तिला कुठलंही उपकरण लागत नाही. इंजिन चालू ठेवून तेल ओतायचं झाकण सैल करायचं आणि तिथेच ठेवून द्यायचं. ते जागच्या जागी थोडं थरथरलं तर ठीक. उडून बाजूला पडलं तर पिस्टनच्या रिंगा झिजल्या आहेत. मग व्हॉल्व्हचा गॅप : इंजिन थंड असताना आत हवा घेणाऱ्या व्हॉल्व्हला ०.१० मिलिमीटर आणि धूर सोडणाऱ्याला ०.३०. तो ठरावीक काळाने हाताने लावावाच लागतो. न लावल्यास हळूहळू गॅप संपतो, व्हॉल्व्ह नीट मिटत नाही, दाब जातो आणि लोक म्हणतात इंजिन बसलं. दोन पाने आणि एक फीलर गेज एवढ्यावर होणारं हे काम टाळल्यामुळे कित्येक इंजिनं अकाली उघडली गेली आहेत.

या गाडीची एक खोड सांगण्यासारखी आहे. डिझेल इंजिनाला ठिणगी लागत नाही, त्यामुळे चावी फिरवून वीज तोडली तरी ते थांबत नाही. डिझेलच तोडावं लागतं. डब्ल्यू १२३ मध्ये ते काम निर्वाताने, म्हणजे इंजिनावरच्या व्हॅक्यूम पंपाने होतं. त्याच पंपावर ब्रेकची मदत आणि जिथे सेंट्रल लॉकिंग आहे तिथे दारांची कुलुपंही चालतात. मागच्या दारातली एक रबरी पिशवी फाटली तर चावी काढून खिशात टाकल्यावरही इंजिन आपलं चालूच राहतं. मग बॉनेट उघडून इंजिनावरचा 'स्टॉप' लिहिलेला खटका दाबायचा. कारखान्याने तो मुळातच ठेवलेला आहे. आपण केलेली व्यवस्था एक दिवस फसणार हे गृहीत धरून बाजूला साधा उपाय ठेवणारी ही अभियांत्रिकी होती.

आता कायद्याकडे. जर्मनीत मोटारीवरचा कर इंजिनाच्या आकारावर आणि धुराच्या वर्गावर ठरतो. धूर शुद्ध करण्याची सोय नसलेल्या जुन्या डिझेलला सगळ्यात वरचा दर लागतो, दर १०० घनसेंटिमीटरला ३७ युरोंच्या वर. म्हणजे २४० डीला वर्षाला ९०० युरोंहून अधिक आणि तीन लिटरच्या ३०० डीला हजाराच्या पुढे. कवडीमोल झालेल्या गाडीवर हा कर कोण भरणार? म्हणून या गाड्या जहाजांत चढल्या आणि आफ्रिकेत, पश्चिम आशियात गेल्या. मोरोक्कोत त्यांनी गावोगावच्या सामायिक टॅक्सीचं, म्हणजे थेट वडापचंच, काम केलं; अलीकडे तिथल्या सरकारने अनुदान देऊन त्या मोडीत काढायला सुरुवात केली.

पण १ जुलै १९९७ पासून जर्मनीत एक नवी नंबरप्लेट आली. क्रमांकाच्या शेवटी 'एच', म्हणजे 'ऐतिहासिक'. अट अशी की गाडी पहिल्यांदा रस्त्यावर आल्याला किमान ३० वर्षं झालेली असावीत, ती बऱ्याच अंशी मूळ रूपात आणि चांगल्या स्थितीत असावी, आणि वाहनतंत्राचा सांस्कृतिक वारसा जपण्याच्या कामी येणारी असावी. तज्ज्ञ तपासतो, प्रमाणपत्र देतो. मग इंजिन केवढंही असो, कर वर्षाला सरसकट १९१ युरो. २००८ पासून शहरांत धुरावर निर्बंध असलेले विभाग आले, तिथेही या गाड्यांना सूट मिळाली.

२४० डीच्या दृष्टीने याचा अर्थ काय? एकोणतीस वर्षांची गाडी ९०० युरो मागते, तीस वर्षांची १९१. म्हणजे २००६ पासून एकेक वर्षाची डब्ल्यू १२३ दरसाल मरणाच्या दारातून मागे फिरू लागली. पत्रा तोच, धूर तोच. पालटलं ते तिचं सरकारदरबारचं नाव. वारसा ही गोष्ट वस्तूच्या अंगी असते असं आपण समजतो. इथे ती चक्क कराच्या पावतीवर जन्माला आलेली दिसते.

याची दुसरी बाजूही आहे. २००९ च्या मंदीत त्याच जर्मन सरकारने नऊ वर्षांहून जुनी गाडी मोडीत काढून नवी घेणाऱ्याला २,५०० युरो दिले. योजनेवर पाच अब्ज युरो खर्च झाले, सुमारे वीस लाख गाड्या मोडीत निघाल्या. त्या वेळी डब्ल्यू १२३ पैकी पहिल्या तिशी ओलांडून सुरक्षित झाल्या होत्या. नंतरच्या मालिकेतल्या, पंचवीस-वीस वर्षांच्या गाड्यांना मात्र कसलंच कवच नव्हतं. वस्तू जुनी होते आणि मग दुर्मिळ होते, या दोन्हींमध्ये एक निराधार वय असतं. नवी म्हणून किंमत नाही आणि प्राचीन म्हणून मान नाही. बहुतेक वस्तू त्याच वयात संपतात. हे भांड्यांना, दस्तऐवजांना, वाड्यांनाही लागू आहे, पण मोटारीच्या बाबतीत ते वय कायद्यात आकड्यांनी लिहिलेलं सापडतं.

आपल्याकडे हे निराधार वय किती? खासगी मोटारीची नोंदणी पंधरा वर्षांची, पुढे दर पाच वर्षांनी नूतनीकरण. २०२१ मध्ये केंद्र सरकारने व्हिंटेज वाहनांसाठी वेगळे नियम केले, 'व्हीए' अक्षरांची नंबरप्लेट आणली, नव्या नोंदणीला २०,००० रुपये शुल्क ठेवलं. नियमांचं स्वागत करायला हवं. त्याआधी काहीच नव्हतं. पण त्यासाठी वय लागतं पन्नास. गाडी मूळ रूपात हवी, तिच्यात मोठे फेरफार झालेले नसावेत आणि ती व्यावसायिक वापराची नसावी. रोज चालवायलाही परवानगी नाही. प्रदर्शन, रॅली, दुरुस्ती, इंधन भरणं इतपतच.

जर्मनीत पंधरा वर्षांनंतर आणखी पंधरा काढायची. आपल्याकडे पस्तीस. १९७६ ची डब्ल्यू १२३ या हिशेबाने २०२६ मध्ये पन्नाशी गाठते, शेवटची २०३६ मध्ये. १९९५ मध्ये टेल्को आणि डायम्लर-बेंझ यांच्या भागीदारीतून पिंपरीत जुळवलेली मर्सिडीज, म्हणजे 'डब्ल्यू १२४' मालिकेतली ई-क्लास, ही तर पुण्याच्या औद्योगिक इतिहासातली महत्त्वाची वस्तू. ती पात्र होईल २०४५ मध्ये. तोपर्यंत तिच्या पेट्रोल इंजिनाच्या वायरिंगचं काय झालेलं असेल कोण जाणे. त्या सुमाराच्या वायरींवरचं आवरण पर्यावरणाचा विचार करून निसर्गात विरघळेल असं बनवलं होतं. इंजिनाच्या उष्णतेने ते गाडी रस्त्यावर असतानाच बिस्किटासारखं चुरू लागलं.

आणि मूळ रूपाची अट. भारतात ऐंशीच्या दशकात आलेल्या डब्ल्यू १२३ बहुतेक वकिलातींच्या, स्टेट ट्रेडिंग कॉर्पोरेशनमार्फत विकल्या गेलेल्या, किंवा परदेशातून कायमचं परतणाऱ्यांनी आणलेल्या. सुटे भाग मिळायचे नाहीत, मिळाले तर परवडायचे नाहीत. अशा वेळी गॅरेजवाल्यांनी जो मार्ग काढला तो मला मोटारींच्या इतिहासातला फार सुंदर प्रसंग वाटतो. त्यांनी आकुर्डीचं इंजिन या गाड्यांत बसवलं. पेट्रोल गाडीतही बसवलं. वडापचं हृदय मर्सिडीजमध्ये गेलं आणि गाडी जगली.

अशी गाडी मूळ की बदललेली? संग्राहक म्हणेल बदललेली. चासीशी इंजिनाचा नंबर जुळत नाही. नियमाचं अक्षर त्याच्याच बाजूने आहे. मला मात्र वाटतं की त्या ब्लॉकचा आराखडा स्टुटगार्टचा, परवाना स्टुटगार्टचा, फक्त ओतकाम पुण्याचं. आणि हा बदल हाच त्या गाडीच्या भारतीय आयुष्याचा सगळ्यात अस्सल पुरावा आहे. जर्मनीतली तपासणी गाडीच्या ऐन काळात झालेले बदल समजून घेते. आपल्या नियमात त्या काळात, त्या टंचाईत झालेल्या दुरुस्तीला 'मूळ' मानण्याची तरतूद करता येईल, वयाची अटही तिशीवर आणता येईल. दोन्हींसाठी अधिसूचनेत थोडेच शब्द बदलावे लागतील.

ट्रॅक्सचं मात्र तेवढ्यानेही भागणार नाही. ती भाड्याने चालली म्हणून पन्नास वर्षांनंतरही नियमात बसत नाही. जर्मन संग्राहक हस्तिदंती रंगाची, मीटरसकट जपलेली टॅक्सी मुद्दाम शोधतात. आपल्याकडे ट्रॅक्स शोधायची तर भंगारवाल्याकडे जावं लागतं. तिथेही बहुतेक वेळा सांगाडा मिळतो. इंजिन आधीच उतरवून कुणीतरी नेलेलं असतं, कधी विहिरीवरच्या पंपासाठी, तर कधी कुणाच्या मर्सिडीजसाठी.