मेरियाडॉक ब्रँडीबक

मेरियाडॉक ब्रँडीबक ऊर्फ मेरी हे इंग्रज लेखक जे. आर. आर. टॉल्कीन (१८९२–१९७३) यांच्या 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' (१९५४–५५) या कादंबरीतील एक पात्र आहे. मिडल-अर्थ या कल्पित जगातील हॉबिट या बुटक्या मानववंशात त्याचा जन्म झाला. सामान्य वाचक त्याला फ्रोडोचा सोबती म्हणून ओळखतो; त्याच्या स्वतःच्या प्रांतात मात्र तो योद्धा म्हणून नव्हे, तर वनस्पती आणि कालगणना या विषयांवरील ग्रंथांचा कर्ता म्हणून स्मरणात राहिला.

'मेरी' हे नाव मराठी कानाला स्त्रीचे वाटते. परंतु मेरियाडॉक हा पुरुष आहे. टॉल्कीन यांच्या स्पष्टीकरणानुसार त्याच्या मूळ भाषेतील नाव 'कालिमाक' असून त्याचे लघुरूप 'काली', म्हणजे आनंदी, असे होते. इंग्रजी वाचकापर्यंत तो अर्थ पोहोचावा म्हणून हे रूप योजले गेले. तसेच 'शायर' हे हॉबिटांच्या प्रांताचे नाव असून कवी या अर्थाच्या शब्दाशी त्याचा संबंध नाही.

जीवन

मेरियाडॉकचा जन्म तिसऱ्या युगाच्या २९८२ साली, म्हणजेच शायर गणनेच्या १३८२ साली झाला. सॅराडॉक ब्रँडीबक व एस्मेराल्डा टूक ही त्याची आईवडिलांची नावे. ३०१८ साली तो फ्रोडोसह प्रवासास निघाला. पुढे रोहनचा राजा थेओडेन याच्याशी त्याची भेट झाली, तेव्हा त्याने तंबाखूच्या पूर्वेतिहासाविषयी बोलण्यास आरंभ केला. परंतु गँडाल्फने ते संभाषण मध्येच थांबवले. राजाने मात्र हा विषय निवांतपणे ऐकण्याची इच्छा दर्शविली. मेरियाडॉकने पुढे त्याची सेवा पत्करली. पेलेनॉरच्या रणांगणावर त्याने नाझगुलांच्या अधिपतीवर मागून वार केला आणि एओविनने त्याचा अंत केला. त्याच रणात थेओडेनही पडला. आपल्या प्रासादात बसून वनस्पतींची माहिती ऐकण्याचे आता राहून गेले, ही खंत त्याने मृत्युसमयी मेरियाडॉकजवळ व्यक्त केली. 'शायरमधील वनस्पती' हा ग्रंथ मेरियाडॉकने नंतर लिहिला.

शायर गणनेच्या १४३२ साली तो बकलंडचा अधिपती झाला. रिव्हेंडेल येथे तो एकाहून अधिक वेळा गेला होता आणि तेथील माहितीचा त्याने उपयोग केला असावा, असे कादंबरीच्या प्रस्तावनेत म्हटले आहे. 'कालावली' या परिशिष्टातील घटनाक्रमासही त्याने जमवलेल्या साधनांचा आधार असल्याचे तेथेच सुचविले आहे.

कालगणनेवरील ग्रंथ

'वर्षगणना' या ग्रंथात त्याने शायर व ब्री येथील दिनदर्शिकांचा रिव्हेंडेल, गोंडोर व रोहन येथील दिनदर्शिकांशी असलेला संबंध तपासला. या ग्रंथाचे केवळ नाव व विषय कादंबरीत दिलेला आहे. परंतु त्याचे महत्त्व चौथ्या परिशिष्टावरून लक्षात येते.

शायरच्या वर्षात प्रत्येकी ३० दिवसांचे १२ महिने व महिन्यांबाहेरचे ५ दिवस असत. इसेनग्रिम दुसरा याच्या काळात सुधारणा होऊन वर्षाच्या मध्यदिनाला वार देणे बंद झाले. उरलेले ३६४ दिवस म्हणजे नेमके ५२ आठवडे. त्यामुळे प्रत्येक तारखेचा वार कायमचा ठरून गेला. लीप वर्षातील जादा दिवसही वाराविनाच असे. (आपल्या अधिक महिन्याशी त्याची गल्लत करू नये, तो एकच दिवस होता.) ही सोय घरी उत्तम, पण ब्रीच्या पलीकडे जाणाऱ्यास ती अडचणीची होती. ब्रीची गणना तिसऱ्या युगाच्या १३०० सालापासून, तर शायरची १६०१ सालापासून सुरू होई. एल्फ लोक १४४ सौर वर्षांचे एक मोठे 'वर्ष' मानत व सौर वर्षाचे सहा ऋतू करत. मेरियाडॉक असा दूर गेलेला हॉबिट होता. म्हणूनच या विषयाची गरज त्यालाच जाणवली असावी.

सॉरॉनचा पाडाव २५ मार्चला झाल्यामुळे गोंडोरमध्ये नववर्ष त्या दिवसापासून धरले जाऊ लागले. शुद्धीवर आलेल्या सॅमला गँडाल्फ सांगतो, की नववर्षाचा चौदावा दिवस आहे, म्हणजे शायरप्रमाणे ८ एप्रिल. आपल्या दिनदर्शिकेने मोजल्यास ही तारीख ७ एप्रिल येते आणि वाचकाला चूक वाटते. शायरचा मार्च ३० दिवसांचाच असल्याने लेखकाचा हिशेब मात्र अचूक आहे.

महिन्यांची नावे टॉल्कीन यांनी प्राचीन इंग्रजीवरून घेतली. इंग्लंडमधील बीड या भिक्षूने ७२५ साली लिहिलेल्या कालगणनेवरील लॅटिन ग्रंथात मूळ नावे नोंदलेली आहेत. 'सोलमाथ', 'ब्लॉटमाथ' व 'विंटरफिल्थ' ही त्यांचीच रूपे होत. शायरमधील जुन्या शब्दांवरील मेरियाडॉकच्या छोट्या प्रबंधात रोहनच्या भाषेशी असलेले नाते शोधले आहे. भाषाशास्त्रज्ञ टॉल्कीन यांनी आपलाच व्यासंग येथे पात्राला दिलेला दिसतो.

अखेर

शायर गणनेच्या १४८४ साली रोहनचा राजा एओमेर याने त्याला भेटीस बोलावले. तेव्हा तो १०२ वर्षांचा होता. अधिकार मुलाकडे सोपवून तो पेरेग्रिन टूकसह निघाला आणि शायरमध्ये परतला नाही. एओमेरच्या निधनापूर्वी त्यांची भेट झाली. दोघा मित्रांनी उर्वरित काळ गोंडोरमध्ये घालवला. १५४१ साली राजा एलेस्सार मरण पावल्यावर त्याच्या शय्येच्या दोन्ही बाजूंना या दोघांच्या शय्या ठेवण्यात आल्या.