सातपुड्याच्या दोन वाटा : दख्खनचे दार कोणी राखले?

१/ जगातील पर्वतांची यादी उंचीनुसार लागते. एव्हरेस्ट ८,८४९ मीटर. सातपुड्याचे सर्वोच्च शिखर धूपगड मात्र सुमारे १,३५० मीटर. अशा यादीत सातपुड्याला स्थान नाही. तरीही उत्तरेतून दख्खनेत उतरू पाहणाऱ्या सत्तांना याच डोंगराशी हिशेब मांडावा लागला. कारण आहे त्यातील दोन वाटा. (थ्रेड)

२/ खानदेश म्हणजे तापीचे खोरे. उत्तरेस सातपुडा, दक्षिणेस सातमाळा-अजिंठ्याची रांग, पश्चिमेस सह्याद्री. द्वीपकल्पातील बहुतेक मोठ्या नद्या पूर्वेकडे वाहतात. नर्मदा आणि तापी मात्र खचलेल्या खोऱ्यांतून पश्चिमेस जातात. या दोन खोऱ्यांमध्ये सातपुडा भिंतीसारखा उभा आहे.

३/ भिंतीचे पहिले दार बऱ्हाणपूरजवळ आहे. तेथे रांग खाली उतरते आणि त्या वाटेवर असीरगड पहारा देतो. आज हा भाग मध्य प्रदेशात असला, तरी इतिहासात तो खानदेशचाच होता. असीरगडाला ‘दख्खनचे दार’ म्हणत, ते याच कारणाने.

४/ १३८२ च्या सुमारास मलिक राजा फारुकीने स्वतंत्र कारभार सुरू केला, तो तापीकाठच्या थाळनेरहून (आजचा शिरपूर तालुका, जि. धुळे). त्याचा पुत्र नसीर खान याने असीरगड घेतला आणि बऱ्हाणपूर वसवले. लहानसे फारुकी राज्य माळवा, गुजरात आणि बहमनी या बलाढ्य शेजाऱ्यांमध्ये दोनशे वर्षे टिकले, त्यात या गडाचा वाटा मोठा होता.

५/ १६०० मध्ये स्वतः अकबर बऱ्हाणपुरास आला. महिनोन्महिने वेढा चालला. जानेवारी १६०१ मध्ये असीरगड पडला. कशाने? अबुल फजल गडावरील रोगराईकडे बोट दाखवतो, तर जेझुइट वृत्तांत लाचेकडे. तोफांनी गड फोडला, असे दोघेही म्हणत नाहीत. फारुकी राज्य संपले आणि शाहजादा दानियालच्या नावावरून खानदेशाचे ‘दानदेश’ असे नामकरण झाले.

६/ दुसरे दार म्हणजे सेंधवा घाट. मुंबई-आग्रा मार्ग धुळे, शिरपूर, पळासनेर करीत येथूनच सातपुडा चढतो. या घाटाची खरी राखण दगडी तटांपेक्षा भिल्ल नाईकांकडे होती. पायवाटा, पाणवठे आणि जंगल यांची त्यांच्याइतकी माहिती कोणालाच नव्हती.

७/ फेब्रुवारी १८१८ मध्ये जनरल हिस्लॉपने थाळनेर घेतले आणि किल्लेदार तुळशीराम मामा यांना फाशी दिले. मैदान हाती आले. डोंगर आला नाही. फौजेच्या मोहिमा निष्फळ ठरल्यावर इंग्रजांनी धोरण बदलले. १८२५ मध्ये जेम्स औट्रमने धरणगाव येथे भिल्ल पलटण उभारण्यास सुरुवात केली. डोंगर जिंकता येईना, म्हणून डोंगरातल्या माणसांनाच चाकरीत घेतले गेले.

८/ सेंधवा घाटाच्या राखणीवर असलेला खाज्या नाईक याच व्यवस्थेतला. १८५७ मध्ये तो इंग्रजांविरुद्ध उठला. नोव्हेंबरात त्याच घाटात सुमारे ७ लाख रुपयांचा खजिना लुटला गेला. ११ एप्रिल १८५८ रोजी आंबापाणी येथे मोठी लढाई झाली. त्यात अनेक भिल्ल धारातीर्थी पडले. पकडलेल्यांपैकी अनेकांना गोळ्या घालण्यात आल्या. ज्याने दार राखले, त्यानेच ते अडवले होते.

९/ आज खंडवा-भुसावळ लोहमार्ग पहिल्या दारातून जातो, तर मुंबई-आग्रा महामार्ग दुसऱ्यातून. असीरगडामुळे अकबराचे नाव सर्वांना ठाऊक आहे. आंबापाणीचे नाव खानदेशातही थोड्यांनाच. पर्वताचा इतिहास वाचताना शिखराची उंची अवश्य पाहावी. पण त्याच्या खिंडीत उभे राहून पहारा कोण देत होते, हे आधी विचारावे.