जयश्री गडकर
जयश्री गडकर (१९४२ – २९ ऑगस्ट २००८, मुंबई) या मराठी व हिंदी चित्रपटांतील अभिनेत्री होत्या. मराठी तमाशापटाची नायिका ही त्यांची मुख्य ओळख. मात्र कोल्हापूरच्या चित्रसृष्टीतील त्यांच्या भूमिका त्या ओळखीत मावत नाहीत. त्यांचा जन्म उत्तर कन्नड जिल्ह्यात सदाशिवगडाजवळ एका कोकणीभाषक कुटुंबात झाला.

तमाशापट

लहानपणी नृत्य शिकलेल्या जयश्रीबाईंनी 'दिसतं तसं नसतं' (१९५६) मध्ये नर्तिका म्हणून काम केले. त्यांना खरी प्रसिद्धी मिळाली ती अनंत माने दिग्दर्शित 'सांगत्ये ऐका' (१९५९) या चित्रपटाने. त्यात फडावरील नर्तकी चिमाची भूमिका हंसा वाडकर यांनी, तर तिने वाढवलेल्या मुलीची जयश्रीबाईंनी केली. पाटलाच्या अत्याचाराची जुनी कथा अखेर फडावरूनच गावासमोर येते. वसंत पवार यांचे संगीत आणि आशा भोसले यांनी गायलेली बुगडीची लावणी घरोघरी पोहोचली. पुण्याच्या विजयानंद चित्रपटगृहात हा चित्रपट सुमारे अडीच वर्षे चालला.

या यशानंतर ढोलकी, फड, पाटील आणि सूड यांचा साचाच तयार झाला. 'वैजयंता' (१९६१), 'सवाल माझा ऐका!' (१९६४) व 'एक गाव बारा भानगडी' (१९६८) हे त्यांचे गाजलेले चित्रपट. मूळच्या कोल्हापूरच्या माने यांनी त्यांना या प्रकारात वारंवार संधी दिली. जयश्रीबाई तमाशा कलावंतांच्या घराण्यातील नव्हत्या, तरीही नऊवारीतील लावणी नर्तकी म्हणजे जयश्री गडकर, असे समीकरण प्रेक्षकांच्या मनात दीर्घकाळ राहिले. ते अपुरे होते, हे माने यांच्याच 'मानिनी' (१९६१) ने दाखवले. महादेवशास्त्री जोशी यांच्या कथेवरील या चित्रपटात श्रीमंत माहेरचा अवमान सहन न करणारी गरीब घरची सून त्यांनी लावणीच्या आधाराविना उभी केली.

भालजी पेंढारकरांचे चित्रपट

कोल्हापुरातील जयप्रभा स्टुडिओचे सर्वेसर्वा भालजी पेंढारकर यांच्या शिवकालीन 'मोहित्यांची मंजुळा' (१९६३) मध्ये त्या नायिका होत्या. 'साधी माणसं' (१९६५) ही मात्र त्यांच्या कारकिर्दीतील सर्वांत वेगळी भूमिका म्हणावी लागेल. गाव सोडून शहरात गेलेल्या लोहार दांपत्याची ही कथा. पतीच्या भूमिकेत कोल्हापूरचे सूर्यकांत होते. भात्यापाशी राबणाऱ्या लोहारणीचे ऐरणीचे गीत जगदीश खेबुडकर यांनी लिहिले, तर लता मंगेशकर यांनी ते गायले आणि 'आनंदघन' या नावाने संगीतबद्धही केले. येथे नृत्य नाही, शृंगारही बेताचाच. श्रमाची लय तेवढी आहे. या चित्रपटास मराठीतील सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे राष्ट्रपती रौप्यपदक मिळाले.

हिंदी चित्रपट व दूरदर्शन

हिंदीत 'ससुराल' (१९६१) सारख्या सामाजिक चित्रपटांत त्यांना दुय्यम भूमिका मिळाल्या. पौराणिक चित्रपटांत मात्र त्या नायिका ठरल्या. दारासिंग यांच्यासोबत 'तुलसी विवाह' (१९७१) आणि 'हर हर महादेव' (१९७४) हे त्यांचे उल्लेखनीय चित्रपट. दुसऱ्यात त्या पार्वती होत्या. रामानंद सागर यांच्या 'रामायण' (१९८७–८८) मालिकेत त्यांनी कौसल्येची, तर त्यांचे पती बाळ धुरी यांनी दशरथाची भूमिका केली. मराठी तमाशापट कधीच न पाहिलेल्या उत्तर भारतीय प्रेक्षकांना त्या केवळ रामाची माता म्हणून परिचित आहेत.

पुढे त्यांनी 'सासर माहेर' व 'अशी असावी सासू' या मराठी चित्रपटांचे दिग्दर्शन केले. 'अशी मी जयश्री' हे त्यांचे आत्मचरित्र होय.