आकाशवाणीची धून आणि एक निर्वासित



आम्हा सांडोरच्या बायकांपैकी ज्यांनी पन्नाशी ओलांडली आहे, त्यांच्या कानात एक धून अजून आहे. बाहेर काळोख, घरात चूल पेटलेली, भाजीच्या टोपल्या बांधून कोणी मुंबईच्या गाडीला निघालेलं, आणि रेडिओवर तंबोऱ्याच्या साथीनं व्हायोलिन वाजू लागायचं. ती आकाशवाणीची सुरुवातीची धून. ती कानावर पडली की घड्याळ बघावं लागत नसे. पण ती बांधली कोणी, हे आम्ही कधी विचारलंच नाही.

बहुतेक जाणकार त्यासाठी वॉल्टर कॉफमन यांचं नाव घेतात. त्यांचा जन्म १९०७ सालचा, युरोपात, आजच्या चेक देशातल्या एका गावी. कुटुंब ज्यू. ज्यू लोक आपल्याला अनोळखी नाहीत. कोकणात पिढ्यान् पिढ्या राहिलेले, मराठी बोलणारे बेने इस्रायल लोक ज्यूच. शनिवारी तेलाचा घाणा बंद ठेवायचे, म्हणून त्यांना शनवार तेली म्हणत.

कॉफमन बर्लिन आणि प्राग इथं संगीत शिकले. डॉक्टरेटचा प्रबंधही लिहून झाला. पण आपले प्राध्यापक नाझींच्या संघटनेत पुढारी आहेत हे कळलं, तेव्हा त्यांनी ती पदवीच नाकारली. जर्मनीत हिटलर सत्तेवर आला होता. ज्यूंना दिवस वाईट होते. १९३४ साली कॉफमन मुंबईच्या बंदरात उतरले.

त्यांनी आपल्या संगीताच्या तबकड्या ऐकल्या होत्या, पण पहिल्यांदा काहीच उमजलं नव्हतं. आपण असतो तर म्हटलं असतं, “हे कसलं गाणं!” त्यांनी वेगळा विचार केला. लाखो माणसं ज्या गाण्यावर जीव लावतात ते वाईट कसं असेल? उणं असेल तर आपल्याच कानात. आणि ते शिकायला बसले.

मुंबईत त्यांनी पाश्चात्त्य संगीताच्या बैठका भरवणारी मंडळी उभी केली. व्हायोलिनवादक मेहली मेहता त्यांच्यासोबत होते. १९३७ पासून ते मुंबई आकाशवाणीवर पाश्चात्त्य संगीताचा विभाग सांभाळू लागले. सती अनसूयेचं नाव असलेला एक ऑपेरा, म्हणजे गाण्यांतून चालणारं नाटक, त्यांनी खास रेडिओसाठी रचला. आणि ती धून! तिच्यात शिवरंजनी रागाची छाया आहे असं सांगतात. व्हायोलिन तिकडचं, तंबोरा इकडचा. आमच्या वसईत चर्चच्या गायनात व्हायोलिन वाजतं आणि लग्नघरी आयाबायांची मराठी गाणीही रंगतात, म्हणून ही जोडी आम्हाला परकी वाटत नाही.

कॉफमन यांनी आणखी एक मोठं काम केलं. गोंड आणि बैगा आदिवासींची गाणी ऐकून त्यांनी ती स्वरांसकट लिहून काढली आणि १९४१ साली त्यांवर लेख छापला. १९४६ मध्ये ते भारतातून गेले. कॅनडात वाद्यवृंद चालवला, मग अमेरिकेत विद्यापीठात शिकवलं. उत्तर भारतातल्या रागांवरचा त्यांचा जाडजूड ग्रंथ १९६८ साली निघाला. १९८४ साली तिकडेच त्यांचं निधन झालं.

आता बघा, धून रोज घरोघरी वाजली, पण करणाऱ्याचं नाव कोणी सांगितलं नाही. आज काही लोक दुसऱ्यांचीही नावं पुढे करतात. ज्यांनी दुसऱ्यांची गाणी टिपून ठेवली, त्यांच्याच धुनेवर ही वेळ आली!

आपल्या लग्नातली गाणी कोणी रचली, सांगता येईल? आम्हालाही नाही येत. म्हणून आमच्या गटानं एक वही घातली आहे. म्हाताऱ्या बायांकडे बसायचं, गाणं उतरवायचं आणि खाली लिहायचं: कोणी सांगितलं, त्या कोणाकडून शिकल्या. तुमच्या गटातही एक वही घाला. नव्या सुनेला एखादं गाणं जुनाट वाटलं, तर तिला कॉफमनची गोष्ट सांगा.