धाकट्या पंढरीची टोपी

बीड जिल्ह्यातल्या नारायणगडाला ‘धाकटी पंढरी’ म्हणतात. एकादशीला गडाकडे निघालेला वारकरी म्हटला की धोतर, सदरा, गळ्यात तुळशीची माळ, कपाळी गोपीचंदन-बुक्का आणि डोक्यावर पांढरी टोपी, असाच माणूस डोळ्यांपुढे येतो. हल्ली तरुण पोरं हाच वेश करून रील टाकतात आणि परंपरेची फॅशन केली म्हणून जाणती मंडळी कुरकुरतात. ही कुरकुर टोपीपाशीच अडते. माळ-बुक्का जुना खरा, पण या घाटाची टोपी काही ज्ञानोबा-तुकोबांच्या काळातली नव्हे. तेव्हा डोक्याला मुंडासं नाहीतर पागोटं असे. ही टोपी गांधीजींनी १९२०च्या आगेमागे चालवली. आपले सहकारी काका कालेलकर यांना त्यांनी कारणंही सांगितली होती : निरनिराळ्या प्रांतांच्या टोप्या पाहून काश्मिरी घाट निवडला, कारण ती हलकी, शिवायला सोपी, घडी करून खिशात मावणारी, आणि पांढरी अशासाठी की मळ दिसला की धुवावीच लागते. पागोट्याला लागणाऱ्या वारोवार कापडापुढे हा केवढा स्वस्त सौदा! असहकाराच्या दिवसांत काही साहेबांनी तिच्यावर बंदी घातली, नि बंदीने तिचा रुबाब वाढलाच.

यावर कुणी म्हणेल, गांधीजींची खादीची टोपी हे व्रत होतं. रील हा मिरवण्याचा सोस. आरंभाला ते व्रत होतं, हे कबूल. पण पुढे खादी सुटली, टोपी गिरणीच्या कापडाची झाली, आणि राजकारणाशी देणंघेणं नसलेल्या शेतकऱ्यानेही ती घातली, कारण चारचौघांत तीच शोभत होती. कापडातली मूळ प्रतिज्ञा झिजते आणि ‘आपण यांच्यातले’ एवढी खूण उरते. १२ ऑक्टोबर २०२४च्या दसऱ्याला मराठा आरक्षण आंदोलनाचे नेते मनोज जरांगे पाटील यांच्या मेळाव्यासाठी याच गडावर लोटलेल्या गर्दीतली भगवी उपरणी त्याच जातीची खूण. फोनमधला पोरगा वेगळं दिसायला धडपडतो असं आपण धरून चालतो. बहुतेक वेळा त्याला आपल्या माणसांत ओळखू यायचं असतं. फरक वेगाचा आहे : टोपीला गावोगाव पोचायला वर्षं लागली, रीलला एक दुपार पुरते. तेव्हा वेशाचा उगम शुद्ध होता का, हा प्रश्न इथे फारसा कामाचा नाही. खुद्द गांधीजींनी सप्टेंबर १९२१मध्ये मदुराईला पंचा नेसला आणि टोपी कायमची उतरवली. गडाच्या वाटेवर ती अजून आहे.