बैठकीतून माजघराकडे

आशा बगे यांची कादंबरी कुठून आली, असं विचारलं की बहुतेक जण मुंबईकडे बोट दाखवतात. त्यात तथ्य आहेच. त्यांची ‘रुक्मिणी’ ही कथा १९८० साली मुंबईच्या ‘सत्यकथा’ मासिकात आली आणि पुढची पुस्तकं मौज प्रकाशनानं काढली. पण छापखाना मुंबईचा असला म्हणून कादंबरीचं गाव मुंबई होत नाही. बगे १९३९ साली नागपुरात जन्मल्या आणि लिहीत राहिल्या त्याही इथेच. त्यांच्या कादंबरीचं कूळ शोधायचं तर सीताबर्डी आणि महाल ओलांडून फार लांब जायला नको, असं मला वाटतं.

१८६१ साली मध्य प्रांत झाला आणि नागपूर त्याची राजधानी. कचेऱ्या आल्या, रेल्वे आली, त्यांच्याबरोबर बंगाली, तमिळ, हिंदी बोलणारी कुटुंबं आली. १८८५ मध्ये मॉरिस कॉलेज निघालं आणि इंग्रजी कादंबरी वाचणारी पहिली पिढी तयार झाली. या शहरात मराठी माणूस दोन-तीन भाषांच्या शेजारात राहायला शिकला. पुण्याच्या पेठांमध्ये ही सवय सहज लागली नसती.

अशा नागपुरात १९२४ साली ग. त्र्यं. माडखोलकर ‘महाराष्ट्र’ वृत्तपत्रात काम करायला आले. १९३३ मध्ये ‘मुक्तात्मा’ आली, पाठोपाठ ‘भंगलेले देऊळ’, मग ‘शाप’, ‘कांता’. या कादंबऱ्यांत राजकारण बैठकीत येऊन बसतं. पुढारी, संपादक, चळवळीतली तरुण माणसं आणि त्यांच्याशी तोडीस तोड बोलणाऱ्या शिकलेल्या स्त्रिया त्यांत भेटतात. लेखक दिवसभर वृत्तपत्राच्या टेबलावर आणि सभोवती सत्तेचं शहर, तर आणखी वेगळं काय लिहिलं जाणार! आज त्यांची भाषा अलंकारांनी जड वाटते, पण प्रांताचं राजकारण मराठी कादंबरीत इतक्या उघडपणे आणणं हे धाडसच होतं. १९४४ मध्ये ते नागपूरच्या ‘तरुण भारत’चे संपादक झाले. १९४६ च्या बेळगाव साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष होते, आणि संयुक्त महाराष्ट्राचा ठराव तिथेच झाला. त्या मागणीच्या वाटेवर १९५६ साली विदर्भ द्विभाषिक मुंबई राज्यात गेला आणि नागपूरची राजधानी गेली. माडखोलकरांच्या कादंबरीला विषय पुरवणारी बैठकही तिच्याबरोबर उठली. शहरात वर्तमानपत्रं होती, सभा होत होत्या. निर्णय मात्र दुसरीकडे होऊ लागले.

दुसरी वाट त्याच काळात, जरा बाजूनं निघाली होती. कुसुमावती देशपांडे लंडनच्या वेस्टफील्ड कॉलेजात शिकून आल्या आणि नागपुरात इंग्रजी शिकवू लागल्या. ‘दीपकळी’, ‘दीपदान’, ‘मोळी’ या त्यांच्या संग्रहांतल्या कथा आवाज न चढवता घरातल्या आणि रस्त्यावरच्या साध्या माणसांजवळ जातात. स्वतः कादंबरी न लिहिणाऱ्या या बाईंनी मराठी कादंबरीच्या पहिल्या शतकाचा इतिहास लिहिला, तोही असा की आजही त्याला बाजूला सारून पुढे जाता येत नाही. १९६१ मध्ये त्या ग्वाल्हेरच्या संमेलनाच्या अध्यक्ष झाल्या. त्या पदावरच्या पहिल्या स्त्री. बगे यांनी त्यांच्याकडून नेमकं काय घेतलं, याचा दाखला माझ्यापाशी नाही. पण ‘मोळी’ वाचून बगे यांचं ‘मारवा’ हातात घेतलं की नात्याची खूण पटते.

आणि मग उद्धव शेळके. १९६० च्या ‘धग’ मधली कौतिक शिंप्याच्या घरची. नवरा कर्ता नाही, म्हणून संसार ती ओढते, आणि तिच्या वऱ्हाडी बोलण्यात कुठे दया मागितलेली नाही. एका बाईच्या घरकामात अख्खी कादंबरी मावते, हे विदर्भात शेळक्यांनी सिद्ध केलं.

बगे लिहू लागल्या तेव्हा त्यांची चाळिशी आली होती. मराठीबरोबर त्यांनी संगीतातही एम.ए. केलं होतं, आणि त्यांच्या लेखनाची घडण मला सगळ्यात जास्त तिथे दिसते. ‘मारवा’ हे एका संग्रहाचं नाव, ‘ऑर्गन’ हे दुसऱ्याचं. मारव्यात पंचम नसतो. गायकाला उभं राहायला तो भक्कम स्वर मिळतच नाही. बगे यांच्या बायकांचंही असंच असतं. घर मोठं, माणसं भरपूर, देवघर, सणवार, पंगती सगळं जागच्या जागी, आणि तिला स्वतःला टेकायला जागा नाही. तरी ती घर मोडून निघत नाही. आत राहूनच आपली जागा घडवते. यावर काही वाचक नाराज असतात, त्यांना बंड हवं असतं. मला यात तडजोड दिसत नाही. एकत्र कुटुंबात कोण कुणाला काय देणं लागतो, याचा इतका काटेकोर हिशेब ठेवणारं लेखन मराठीत थोडं आहे. बगे यांच्याच जन्मवर्षीचे महेश एलकुंचवार यांनी ‘वाडा चिरेबंदी’ या नाटकात विदर्भातला वाडा खचताना दाखवला. बगे त्याच पडझडीत, माणसं एकमेकांना कशी धरून ठेवतात, हे पाहत राहिल्या.

बगे यांच्या ‘भूमी’ या कादंबरीत हा पैस वाढतो. तिची नायिका मैथिली, तमिळ वडिलांची आणि मराठी आईची मुलगी. दोन घरं, दोन भाषा, आणि आपली माती कोणती हा तिचा प्रश्न. हे कथानक नागपूरच्या लेखिकेला सुचलं याचं मला नवल वाटत नाही. अशी मिश्र कुटुंबं या शहराच्या ओळखीतलीच. २००६ मध्ये या कादंबरीला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला, २०२३ मध्ये बगे यांना जनस्थान पुरस्कार.

पुरस्कार झाले, तरी समीक्षेत बगे यांना अजून ‘कौटुंबिक लेखन’ या कप्प्यात ठेवलं जातं आणि माडखोलकरांना ‘राजकीय कादंबरी’च्या. नागपूर विद्यापीठाच्या एखाद्या अभ्यासक्रमात ‘मुक्तात्मा’, ‘धग’ आणि ‘भूमी’ एकापाठोपाठ वाचायला लावल्या पाहिजेत. राजधानी गेल्यावर या भागाच्या कादंबरीनं सत्तेचा विषय सोडला नाही. वाटण्या, वारसा, मान आणि मौन यांत तो तिला पुन्हा सापडला, हे मुलांना तेव्हा कळेल.