स्केअरक्रो, द

अमेरिकन विनोदी मूकपट (१९२०). लांबी दोन रिळांची, म्हणजे जेमतेम वीस मिनिटांची. दिग्दर्शन बस्टर कीटन व एडवर्ड क्लाइन यांचे. नावाचा अर्थ बुजगावणे.

कीटन आणि धिप्पाड जो रॉबर्ट्‌स हे दोघे शेतगडी एकाच खोलीत राहतात आणि मालकाच्या एकाच मुलीवर (सिबिल सीली) जीव टाकतात. मालक झाला आहे कीटनचा सख्खा बाप, जो कीटन. या खोलीत फोनोग्राफची शेगडी होते, न्हाणीचा टब उलटला की कोच होतो, मिठामिरीच्या डब्या छताला दोऱ्यांनी टांगलेल्या असतात.

खरी धमाल मात्र ल्यूक या कुत्र्याची. मुलीने केलेला क्रीमचा ‘पाय’ (एक प्रकारची पेस्ट्री) तो फस्त करतो. तोंडाला लागलेली साय फेसासारखी दिसते, आणि कुत्रा पिसाळला म्हणून कीटन पळत सुटतो. पडक्या घराच्या विटांच्या भिंतींवरून पाठलाग चालतो. ल्यूक चक्क शिडीही चढतो! गवताच्या यंत्रात पडून कीटनचे कपडे जातात, तेव्हा तो बुजगावण्याचे कपडे चढवतो. शेवटी धावत्या मोटारसायकलवरच त्याचे व मुलीचे लग्न लागते.

ल्यूक हा विनोदवीर रॉस्को ‘फॅटी’ आरबकल यांच्या घरचा कुत्रा; त्यांच्या अनेक मूकपटांत तो दिसतो.